मालकाची गरज आणि भाडेकरूचें बिऱ्हाड

घराच्या भिंती वाढत नाहींत, आंतलें कुटुंब मात्र वाढतें. आणि घरमालक व भाडेकरू यांच्यामधील पुष्कळशा कज्जांचें मूळ एवढ्याच साध्या गोष्टींत असतें. पुण्याच्या सदाशिव किंवा शनिवार पेठेंतील एखादा जुना वाडा वाचकांनीं डोळ्यांपुढें आणावा. आजोबांनीं तो बांधिला तेव्हां घरांत पांच माणसें. खालच्या तीन खोल्या स्वतःला पुरत. माडी आणि मागच्या चौकांतील दोन खोल्या भाड्यानें दिल्या, म्हणजे दरमहा चार पैसे हातीं येत आणि रात्रीं वाड्याला सोबतही होई. पुढें मुलगे झाले, त्यांचीं लग्नें झालीं, नातवंडें शाळेंत जाऊं लागलीं. माजघरांत अभ्यास, ओसरीवर पाहुणा, आणि नवराबायकोला दोन शब्द बोलावयाचे तर घरांत निजानीज झाल्यावर स्वयंपाकघरांत! अशा स्थितींत धाकट्याचें लग्न ठरतें. मग एके सकाळीं मालक जिना चढून माडीवर जातात, पुढें आलेला चहा घेतात, आणि ज्या कुटुंबाबरोबर तीस वर्षें हळदीकुंकवें केलीं त्याला सांगतात कीं, "आतां जागा आम्हांलाच लागणार."

माडीवरच्या बिऱ्हाडाला हें वाक्य कसें लागत असेल? त्या घरांतील कर्ता पुरुष कदाचित् त्याच माडीवर जन्मलेला असतो. भाडें त्यानें एका महिन्याचेंही चुकविलेलें नसतें. मुलांची शाळा हाकेच्या अंतरावर, म्हाताऱ्या आईचे डॉक्टर कोपऱ्यावर, आणि आज नवी जागा घ्यावयाची तर पगाराचा मोठा लचका तोडणारें भाडें. मालकाचें म्हणणें खरें आहे, आणि यांचेंही खरेंच आहे. एक पक्ष खोटा असला म्हणजे न्यायाधीशाचें काम सोपें होतें. येथें दोघेही खरे असूं शकतात, आणि या प्रश्नांतील खरी अवघड जागा तीच आहे.

महाराष्ट्रांतील भाड्याचे कायदे कां झाले हें आधीं ध्यानांत घेतलें पाहिजे, कारण त्यांवांचून पुढचें कांहींच उमगणार नाहीं. पहिल्या महायुद्धाच्या काळांत मुंबईंत जागांची टंचाई झाली, भाडीं चढूं लागलीं, म्हणून १९१८ सालीं त्यांवर पहिला निर्बंध आला. दुसरें महायुद्ध सुरू होतांच १९३९ सालीं व पुन्हां १९४४ सालीं तसेच कायदे झाले. त्यानंतरचा, आपल्या पिढीजात बोलण्यांत 'रेंट ॲक्ट' म्हणून रूढ झालेला कायदा १९४७ चा. तो १३ फेब्रुवारी १९४८ पासून अमलांत आला. युद्धामुळें व पुढें फाळणीमुळें शहरांत माणसांचे लोंढे आले होते. मालकांना मोकळीक असती तर दर महिन्याला कोणीतरी रस्त्यावर आला असता. तेव्हां १ सप्टेंबर १९४० चें भाडें हेंच सामान्यतः प्रमाण धरून त्यावर भाडें चढविण्यास मनाई झाली, आणि कायद्यांत सांगितलेल्या कारणांवांचून भाडेकरूला काढतां येऊं नये असा नियम झाला. विदर्भांत १९४९ चा हुकूम व मराठवाड्यांत हैदराबादचा १९५४ चा कायदा, असे निराळे नियम होते. आज साऱ्या राज्याला लागू आहे तो महाराष्ट्र भाडेनियंत्रण अधिनियम, १९९९. तो ३१ मार्च २००० पासून चालू झाला.

या साऱ्या कायद्यांनीं भाडेकरूला संरक्षण दिलें, पण मालकाचे हातपाय अगदींच बांधले असें नव्हे. भाडें थकविणें, परस्पर पोटभाडेकरू ठेवणें, जागेची नासधूस करणें, ती विनाकारण बंद ठेवणें, अशा दोषांबद्दल भाडेकरूला घालवितां येतें. परंतु ज्या भाडेकरूच्या वागण्यांत कांहींच दोष नाहीं त्याच्याविरुद्ध मालकाला मुख्यत्वें दोनच वाटा उरतात. इमारत पाडून नवी बांधणें किंवा मोठी दुरुस्ती करणें ही एक. आणि जागा स्वतःला राहण्यासाठीं वाजवी रीतीनें व प्रामाणिकपणें हवी आहे असें न्यायालयाला पटविणें ही दुसरी. १९४७ च्या कायद्यांत हें कारण तेराव्या कलमांत होतें. १९९९ च्या कायद्यांत तें सोळाव्या कलमांत आहे.

येथेंच एक दुष्ट चक्र सुरू झालें. भाडें गोठलें, महागाई मात्र गोठली नाहीं. कर व तत्सम वाढ सोडली तर १९४० सालीं वीस रुपयांना दिलेली माडी पन्नास वर्षांनींही जवळजवळ तेवढ्यालाच राहिली. त्या पैशांत वर्षाकाठीं कौलें चाळून घेणेंही होईना. बाहेर त्याच जागेला पागडीच्या रूपानें हजारों रुपये मिळत. तेव्हां ज्याला जागेची गरज नव्हती, फक्त भाव हवा होता, त्यानेंही याच एका दारावर धडका मारण्यास सुरुवात केली. परगांवीं सुखानें नोकरी करणारा मुलगा कागदोपत्रीं एकाएकीं पुण्याला परतूं लागला. ज्याचें लग्न ठरलेलें नव्हतें त्याचें दाव्यांत ठरूं लागलें. भाडेकरूंचे वकीलही मग असा प्रत्येक दावा बनावट समजूनच उलटतपासणीला उभे राहूं लागले, आणि न्यायालयेंही सावध झालीं. परिणाम असा झाला कीं, ज्याच्या घरांत खरोखरच पाय ठेवावयास जागा नव्हती त्यालाही, तुम्ही लबाड नाहीं हें आधीं सिद्ध करा, असें ऐकावें लागलें. गोठलेल्या भाड्यानें मालकांचें उत्पन्न बुडालें हें तर खरेंच. पण माझ्या मतें त्याहून मोठें नुकसान झालें तें खऱ्या गरजेची पत गेली हें. "भटाला दिली ओसरी, भट हातपाय पसरी" ही म्हण मालक मंडळी या प्रसंगीं हटकून सांगतात. पण ओसरी भाड्यानें दिली होती व भाडें घेतलें होतें, ही गोष्ट म्हणींत येत नाहीं.

भाडें असें कायमचें गोठवून ठेवणें काळाच्या ओघांत अन्यायाचें झालें आहे, असें सर्वोच्च न्यायालयानेंही डिसेंबर १९९७ मध्यें सांगितलें. त्या कायद्याची मुदत ३१ मार्च १९९८ ला संपणारच होती, म्हणून तो त्यानें तेव्हां रद्द केला नाहीं, नवा व न्याय्य कायदा करण्याची अपेक्षा मात्र व्यक्त केली. १९९९ च्या कायद्यानें मालकाला दरसाल शेंकडा ४ वाढ दिली. ती चक्रवाढीनें धरली तरी वीस रुपयांचे पंचवीस वर्षांनीं सुमारें त्रेपन्न रुपये होतात! तेव्हां जुन्या वाड्यांतील मूळ दुखणें बरेंचसें होतें तेथेंच आहे.

आतां न्यायालय 'गरज' कशाला म्हणतें तें पाहूं. नुसती इच्छा पुरत नाहीं. उलट, मालकाचें कुटुंब उघड्यावर पडलें पाहिजे असेंही नाहीं. या दोहोंच्या मध्यें कोठेंतरी ती रेषा आहे. दिल्लीच्या एका खटल्यांत १९९९ सालीं सर्वोच्च न्यायालयानें सांगितलेली कसोटी मला फार समंजस वाटते. न्यायाधीशानें घरमालकाच्या खुर्चींत बसून पाहावें, आणि त्या कुटुंबाच्या स्थितींत ही गरज स्वाभाविक व खरी वाटते कीं नुसती सबब वाटते याचा विचार करावा, असा तिचा भावार्थ आहे. १९९६ च्या निकालसंग्रहांत छापलेलें एक प्रकरण तर घरोघरच्या वृद्ध स्त्रियांनीं लक्षांत ठेवण्यासारखें आहे. एक वयोवृद्ध विधवा आपल्या दिवंगत पतीच्या स्नेह्याकडे पाहुणी म्हणून राहत होती. स्वतःच्या घरांत भाडेकरू होता. तिची तेथें नीट सोय आहे, मग स्वतःचें घर कशाला हवें, अशी भूमिका उच्च न्यायालयानें घेतली. सर्वोच्च न्यायालयानें ती फिरविली. आपल्या राहण्याची गरज काय हें मालकालाच चांगलें कळतें. त्यानें कोठें व कसें राहावें हें न्यायालयानें ठरवूं नये, असें तेथें सांगितलें गेलें. ज्याला स्वतःचें छप्पर असून दुसऱ्याच्या दारीं राहावें लागतें त्याची गरज सोयीच्या तराजूंत तोलतां येत नाहीं, हें खरेंच आहे.

एकत्र कुटुंबांत पुढचा प्रश्न असा येतो कीं, 'स्वतःसाठीं' म्हणजे कोणासाठीं? मालक सत्तरीचा, त्याला स्वतःला एक खाट पुरे. खोली हवी आहे ती मुलाला, सुनेला, पुतण्याला. पंजाबच्या कायद्याखालील एका खटल्यांत हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढें २००२ सालीं सरळ आला. तेथें मुलगा हिशेबतपासनीस होता व त्याला कचेरीसाठीं जागा हवी होती. 'स्वतःच्या उपयोगासाठीं' या शब्दांचा अर्थ मालकाच्या एकट्या देहापुरता संकुचित करूं नये, ज्यांची सोय पाहणें रूढीनें व नीतीनें मालकाचें कर्तव्य आहे अशा घरच्या माणसांची गरज ही त्याचीच गरज होय, असा निर्णय झाला. आपल्या समाजांत याहून निराळा अर्थ पटलाही नसता. वाड्याला चार सहमालक असतील तर त्यांपैकीं एकालाही दावा आणतां येतो. मात्र बाकीच्यांची त्याला संमति आहे असें धरलें जातें, आणि एखाद्यानें उघड विरोध केला तर प्रकरण अवघड होतें. मुलींचा हक्कही आतां विसरून चालणार नाहीं. वडिलोपार्जित मिळकतींत महाराष्ट्रानें १९९४ सालीं अविवाहित मुलींना, व २००५ च्या दुरुस्तीनें साऱ्या देशांत सर्व मुलींना, मुलासारखाच वांटा दिला आहे. माहेरच्या वाड्यांत दोन खोल्या मागणारी मुलगी ही आतां स्वतःच मालकीण असूं शकते.

गरज सिद्ध झाली म्हणजे जागा मिळाली, अशी पुष्कळ मालकांची समजूत असते. महाराष्ट्रांत तसें नाहीं. आपल्या कायद्यांत याच्या पुढें आणखी एक पायरी आहे, आणि माझ्या दृष्टीनें साऱ्या कायद्यांतील सर्वांत माणुसकीची ओळ तीच होय. मालकाची गरज खरी ठरली तरी, हुकूमनामा दिल्यानें भाडेकरूचे जे हाल होतील ते, न दिल्यानें मालकाचे होणाऱ्या हालांहून अधिक आहेत असें दिसलें, तर न्यायालयानें हुकूमनामा देऊं नये. दोन्ही कुटुंबांचे हाल एका तराजूंत घालावयाचे! मालकाकडे दुसरी जागा आहे काय, भाडेकरूला दुसरी वाजवी जागा मिळूं शकते काय, कोणाच्या घरांत आजारी, वृद्ध, लहान किती, कोणाची ऐपत किती, हें सारें पाहावें लागतें. म्हणूनच या दाव्यांत एरव्हीं चार भिंतींत राहणाऱ्या गोष्टी साक्षीच्या पिंजऱ्यांत येतात. न्यायालयाचा कमिशनर फीत घेऊन येतो, माजघर मोजतो, न्हाणीघर कोणकोण वापरतें हें टिपून घेतो. सुनेला स्वतंत्र खोली आहे काय, सासूसासरे कोठें निजतात, असे प्रश्न परक्या वकिलानें भर कचेरींत विचारावे आणि घरच्या कर्त्या बाईनें त्यांचीं उत्तरें द्यावीं, हा प्रसंग दावा आणण्यापूर्वींच मालकाच्या घरांत एकदां चर्चिला जावा हें बरें. वकिलाची फी सर्वांना आधीं समजते. हें मोल मागाहून कळतें.

या तोलण्याच्या बाबतींत भाडेकरूंचीही एक चूक समजूत आढळते. जागा सोडावी लागणें हाच माझा हाल, आणखी काय सांगूं, असें ते म्हणतात. काश्मीरच्या एका खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें १९७९ सालीं स्पष्ट केलें कीं, जागा सोडण्याचा त्रास प्रत्येकच भाडेकरूला होणार. तेवढ्यानें पारडें झुकत नाहीं, आणि आपापले फायदेतोटे दोन्ही पक्षांनीं शाबीत करावयाचे असतात. दावा दाखल झाल्यापासून भाडेकरूनें दुसरी जागा शोधली काय, कोठें चौकशी केली, काय भाडें सांगण्यांत आलें, हें पुष्कळदां निर्णायक ठरतें. मुलानें कोथरूडला स्वतःचा ब्लॉक घेतला असून वडील मात्र वाड्यांतल्या दोन खोल्या धरून बसले आहेत, अशा घरानें आपल्या हालांचें वर्णन जरा बेतानें करावें. उलट, ज्या मालकानें दावा चालू असतांनाच मोकळी झालेली खोली दुसऱ्याला दिली त्याच्या गरजेवर कोण विश्वास ठेवील?

याच पोटकलमांत शेवटीं एक वाक्य आहे. त्याचा उपयोग फार थोडे करतात याचें मला आश्चर्य वाटतें. जागेचा कांहीं भागच मालकाला दिला असतां कोणाचेच हाल होत नसतील, तर न्यायालयानें तेवढ्या भागापुरताच हुकूमनामा द्यावा. चार खोल्यांच्या बिऱ्हाडांतून दोन सुटाव्या, दोन राहाव्या. वाड्यांच्या रचनेला ही सोय अगदीं जुळणारी होती, कारण खोल्यांना निरनिराळीं दारें असत व शौचकूप, नळ पूर्वींपासूनच सामाईक. आजच्या ब्लॉकांत ती कठीण. तेथें एकच दार, एकच मोरी. पण पेठांतून जे वाडे अद्याप उभे आहेत तेथें दोन्ही पक्षांनीं हा विचार दाव्याच्या पहिल्याच दिवशीं करावयास हवा. तो होत नाहीं, कारण मालकाला सगळें हवें असतें आणि भाडेकरूला कांहींच द्यावयाचें नसतें.

आणि मग लागतो तो वेळ. मुंबईंत हे दावे लघुवाद न्यायालयांत चालतात. तेथून अपील, तेथून उच्च न्यायालय, क्वचित् दिल्लीपर्यंत. उत्तर प्रदेशांतील एक खटला २००१ सालीं संपला. मालकाला आपल्या डॉक्टर मुलाच्या दवाखान्यासाठीं जागा हवी होती. दावा दोन दशकांहून अधिक चालला. दरम्यान मुलानें, बिचारा किती थांबेल, सरकारी नोकरी धरली. तेव्हां भाडेकरूनें म्हटलें कीं, आतां गरज उरली नाहीं! सर्वोच्च न्यायालयानें तें मानलें नाहीं. गरज पाहावयाची ती अर्ज केला त्या दिवसाची. खटला रेंगाळल्याचा दंड मालकानें कां भोगावा, असा त्या निकालाचा रोख होता. निकाल न्यायाचा आहे. परंतु ज्या मुलाच्या लग्नासाठीं खोली मागितली त्याच्या मुलाच्या मुंजीला ती मिळाली, तर जिंकलेल्या मालकानें आनंद तरी कशाचा मानावा? तिकडे भाडेकरूचें कुटुंबही तितकींच वर्षें ट्रंका अर्ध्या भरलेल्या ठेवून जगलेलें असतें.

खोटी गरज सांगून ताबा घेणाऱ्यासाठीं कायद्यानें एक पहारा ठेविला आहे. ताबा मिळाल्यापासून एक महिन्याच्या आंत मालकानें जागेंत राहावयास गेलें पाहिजे, व ती एक वर्षाच्या आंत दुसऱ्याला भाड्यानें देतां कामा नये. तसें केल्यास मूळ भाडेकरूला तेरा महिन्यांच्या आंत अर्ज करून जागा परत मागतां येते. सैन्यांत असलेल्या किंवा तेथून निवृत्त झालेल्या मालकाला मात्र निराळी, जवळची वाट आहे. त्या गांवीं आपल्याला दुसरी योग्य जागा नाहीं असा अधिकाऱ्याचा दाखला त्यानें आणला, तर हालांच्या तुलनेचा हा लांबचा रस्ता त्याला चालावा लागत नाहीं. आयुष्य छावण्यांतून काढलेल्या माणसाला म्हातारपणीं घरासाठीं वीस वर्षें थांबावयास सांगणें बरें दिसलें नसतें.

नव्या पिढींतील मालक जागा देतात ती बहुधा 'लिव्ह अँड लायसन्स'च्या नोंदविलेल्या करारानें. त्यांत मुदत संपली कीं जागा सोडणें बंधनकारक असतें, गरज सिद्ध करावी लागत नाहीं. अकरा महिन्यांच्या त्या घरोब्यांत कोणी कोणाच्या मुलीच्या लग्नांत जेवणाच्या पंक्ती वाढीत नाहीं, ही गोष्ट निराळी. म्हणजे आपण येथें ज्या कलहाचा विचार करीत आहों तो मुख्यतः जुन्या भाडेकरूंचा आहे. भाडेकरू वारला तरी त्याच्याबरोबर राहणाऱ्या कुटुंबीयाकडे तो हक्क जात असल्यामुळें तो इतक्यांत संपणाराही नाहीं.

म्हणून तडजोडीविषयीं दोन शब्द. जागा सोडण्याचें ठरल्यास न्यायालयांत हमीपत्र देऊन भाडेकरूला मुदत घेतां येते. मुलांचें शाळेचें वर्ष पुरें होईल इतकी तरी ती असावी, आणि मालकानें ती कुरकुर न करितां द्यावी. कोणत्या खोल्या, कोणत्या तारखेला, मागील भाड्याचें काय, हें मोघम ठेवूं नये. वाडा पाडून नवी इमारत होणार असेल आणि भाडेकरूला तींत जागा द्यावयाची असेल, तर ती कितव्या मजल्यावर, किती चौरस फुटांची, आणि बांधकाम चालू असेपर्यंत त्यानें राहावें कोठें व तेथील भाडें कोणी द्यावें, हें लिहून नोंदवून घ्यावें. वडिलांनीं ओसरीवर बसून दिलेलें वचन पुढें बांधकाम कंत्राटदार ओळखीत नाहीं. भाडेकरूच्या घरांतील सर्व सज्ञान माणसांच्या सह्या घ्याव्या, नाहीं तर उद्यां धाकटा भाऊ आपण वेगळा असल्याचें सांगत उभा राहतो. आणि मालकाच्या बाजूनेंही सर्व सहमालकांच्या सह्या हव्यात, लग्न होऊन परगांवीं गेलेल्या बहिणींच्यासुद्धां. त्यांना पोस्टानें कागद पाठवून महिना मोडला तरी चालेल, पण त्यांच्या सह्यांवांचून तो कागद न्यायालयांत दाखल करूं नये.